डाव्या हातचा रस्सा

आईनं वाटी उलटी केली. सांडली नाही, उलटी केली. घासलेलं भांडं ओट्यावर पालथं घालावं तशी, कडेला धरून, डावं मनगट सावकाश फिरवून. रस्सा टेबलक्लॉथच्या निळ्या चौकड्यांवरून वाट काढत त्याच्या कोपरापर्यंत आला. त्याने कोपर उचललं नाही. पालथ्या वाटीखालून एक कोळंबी अर्धी बाहेर डोकावत होती, आणि तिच्याकडे बघताना त्याच्या मनात आलं की ही आपण तासभर उभं राहून केली. वाटण केलं, चिंच कोळली, कांदा जळू नये म्हणून फोन वाजला तरी घेतला नाही. वाटी हातून निसटली असती तर तो उठला असता, फडकं आणलं असतं, “असू दे, असू दे” म्हणाला असता. तसं म्हणायची त्याला इतकी सवय झाली होती की ते शब्द आताही ओठांपर्यंत आले. पण हे निसटणं नव्हतं. आईनं आधी चव घेतली होती. जीभ टाळ्याला लावून क्षणभर थांबली होती, भिंतीकडे बघितलं होतं, आणि मग वाटीला हात घातला होता.

“परवा,” आई म्हणाली.

हा एकच शब्द तिच्याकडे उरला होता. झटका आला तेव्हा ती ताईकडे होती. दोरीवर चादर वाळत घालता घालता चादरीसकट खाली बसली. उजवा हात गेला, उजवा पाय निम्मा गेला, आणि शब्द सगळे गेले, एक सोडून. दवाखान्यात शुद्धीवर आल्यावर तिने पाणी मागितलं ते “परवा” म्हणून, आणि पाणी दिल्यावर आभार मानले तेही “परवा” म्हणून. स्पीच थेरपिस्ट म्हणून येणारी पोरगेलीशी बाई सांगायची, असं होतं, एखादाच शब्द अडकून राहतो. कितीतरी लोकांच्या तोंडी नुसती शिवी राहते, त्या मानाने तुम्ही सुटलात. ताई त्यावर हसली होती. त्याला हसू आलं नव्हतं. होऊन गेलेला परवा की येणारा परवा, एवढं तरी त्या शब्दानं सांगावं. तेही तो सांगत नव्हता. आणि आई तर त्या एका शब्दात सगळं बोलायची. हुकूम, तक्रार, शेजारणीची चहाडी, सगळ्याचे चढउतार जिथल्या तिथे. डोळे मिटून ऐकलं तर वाटायचं की भिंतीपलीकडे कुणी व्यवस्थित बोलतंय, आपल्याला नीट ऐकू येत नाही इतकंच. “हो” आणि “नाही” ती मानेनं सांगायची, पण मान कधी कधी उलटी हलायची. मग ती स्वतःच चिडायची आणि ती मान खांद्यांवरून काढून ठेवावी तसा चेहरा करायची. समजत मात्र सगळं होतं. हे डॉक्टरांनी पुन्हापुन्हा सांगितलं होतं. त्यांना सगळं समजतं, त्यांच्यासमोर बोलताना जपून बोला.

ताईनं सांभाळलं तेवढं सांभाळलं आणि मग फोनवर म्हणाली, आता तुझी पाळी. ती बरोबरच बोलत होती. तो एकटा माणूस, लग्न टिकलं नव्हतं, घरात दोन खोल्या आणि लिफ्ट होती. तो चष्म्याच्या दुकानात नंबर तपासायचा. दिवसा एक बाई यायची, आईचं करायची, “आजी, छान, छान जेवलात हं” असं म्हणत तिच्या हनुवटीवरची पेज पुसायची. आई छान जेवत नव्हती. मऊ भात, पेज, कुस्करलेला बटाटा, सगळं ती दोन घासांनंतर ओठ मिटून परत पाठवायची. वजन उतरत चाललं होतं, बांगडी कोपरापर्यंत जात होती. डॉक्टर म्हणाले, असंच राहिलं तर नाकातून नळी घालावी लागेल. आईच्या समोरच म्हणाले. आईनं त्यांच्याकडे असं पाहिलं की त्यांनी विषय बदलून रक्तदाबाचा काढला. मीठ अगदी कमी, जवळजवळ नाहीच.

आणि मग एकदा चाकाच्या खुर्चीतून तिला फिरवून आणताना मासळीच्या दुकानापाशी तिने कठड्याला हात घातला तो सोडेचना. बर्फावर कोळंबीचा ढीग होता. ती त्याच्याकडे टक लावून बसली. मागची माणसं खोळंबली, एकजण नाकाला रुमाल लावून काहीतरी पुटपुटला. शेवटी त्याने साफ केलेल्या कोळंबीचं एक पाकीट घेतलं तेव्हा कुठे हात सुटला. तेव्हापासून प्रत्येक रविवारी रस्सा. प्रत्येक रविवारी एक घास, भिंतीकडे बघणं, आणि “परवा”. वाटी मात्र आजवर उलटी झाली नव्हती.

त्याला आईचा रस्सा करता येत नव्हता, यात नवल नव्हतं; त्याला तो फक्त खायचाच ठाऊक होता. ताईला फोन केला तर ती म्हणाली, धणे भाजून घालायची, त्याशिवाय तो वास येणारच नाही. मावशीला विचारलं तर ती म्हणाली, धणे? अरे, तिने जन्मात धणे घातले नाहीत, ताईला काय ठाऊक, ती तेव्हा हॉस्टेलात होती. खोबरं कच्चं वाटायची आणि वरून तेल सोडायची. मावशीच्या यजमानांनी मागून ओरडून सांगितलं की मुख्य गोष्ट चिंच. ताई म्हणाली, चिंच नाही, टोमॅटो. प्रत्येकाकडे आपापली आई होती आणि प्रत्येकाची आई वेगळा रस्सा करत होती. त्याच्याकडे कुठली होती? डोळे मिटले की त्याला फक्त पाठ दिसायची. जुन्या घराचं चिंचोळं स्वयंपाकघर, आईची पाठ, पोलक्यावर घामाचा ओला त्रिकोण, आणि कढईत काहीतरी चुरचुरल्याचा आवाज. पुढचं काही दिसत नव्हतं, कारण आईच मध्ये उभी होती. पोरांनी स्वयंपाकघरात लुडबुडायचं नाही असा तिचा दंडक होता. मग जेवताना ती वळायची, हातात पळी तशीच, आणि वडिलांच्या तोंडाकडे बघत उभी राहायची. वडील छापखान्यात यंत्रावर होते. यंत्राच्या घरघरीनं त्यांचे कान आणि बोलणं दोन्ही कमी झालं होतं. ते पहिला घास घ्यायचे, दुसरा घ्यायचे, आणि म्हणायचे, “भात वाढ.” एवढंच. आई भात वाढायची. एकदा, एकदाच, तिने विचारलं होतं, “कसं झालंय?” वडिलांनी मान वर करून म्हटलं, “काय?” त्यांना खरंच ऐकू आलं नव्हतं, की प्रश्नच कळला नव्हता, कोण जाणे. आईनं पुन्हा विचारलं नाही. तो आणि ताई खाली मान घालून मचामचा खात होते. रस्सा चांगला आहे हे सांगायची गोष्ट असते हे त्यांना कुणी सांगितलं नव्हतं. पंखा फिरतोय हे कुणी कुणाला सांगतं का?

त्याने उठून टेबल पुसलं. फडकं पिळताना बोटांना हळदीचा पिवळा रंग लागला, आणि त्याला एकाएकी इतका राग आला की ते फडकं त्याने बादलीत आपटलं. राग कुणाचा हेही धड कळेना. थेरपिस्टनं सांगितलं होतं, मोकळा प्रश्न विचारू नका, दोनच पर्याय द्या, एक निवडू द्या. हे तर त्याचं रोजचंच काम होतं. गिऱ्हाइकाच्या नाकावर जड चौकट ठेवायची, एक काच घालायची, काढायची, दुसरी घालायची. ही बरी की ही? आता? आणि आता? माणसं परीक्षेला बसल्यासारखी घाबरतात. कुणी म्हणतं, दोन्ही सारख्याच. कुणी त्याला खूश करायला भलतंच सांगतं. पण धीर धरला की शेवटी एक काच अशी येते की माणसाचा चेहराच सैल पडतो, आणि मग विचारावं लागत नाही. तो चेहरा ओळखण्यात तो वाकबगार होता. आईपुढे त्याने दर रविवारी दोन वाट्या ठेवल्या होत्या. चिंचेची आणि टोमॅटोची. खोबरं भाजलेलं आणि कच्चं. ही बरी की ही? आई दोन्ही वाट्यांकडे बघायची आणि मग त्याच्याकडे, दोन्ही डोळ्यांचे नंबर चुकीचे सांगणाऱ्या माणसाकडे बघावं तसं. चेहरा सैल पडला नव्हता. एकदाही नाही.

“चल,” तो म्हणाला. “तुझी तूच घे कोळंबी. मला कळत नाही.”

हे त्याने चांगल्या मनानं म्हटलं नव्हतं. तिच्या पायात चपला सरकवताना, खुर्चीचा पट्टा लावताना, लिफ्टचं दार पायाने धरून ठेवताना तो घुसमटत होता. रविवारची दुपार, दुकानं अर्धी बंद, रस्त्यावर ऊन सांडलेलं. खुर्चीचं एक चाक कुरकुरत होतं, त्याला तो दर आठवड्याला तेल घालीन म्हणायचा. मासळीवाला पाणी मारून आवरायला लागला होता. त्याने आईकडेच बघून विचारलं, “बोला आजी, काय देऊ?” एरवी मुलगा लगेच मध्ये पडायचा, हलक्या आवाजात सांगायचा की त्यांना बोलता येत नाही. आज त्याने तोंड उघडलं नाही. विचारा तुम्ही, बघा काय मिळतं ते.

“परवा,” आई म्हणाली.

“परवाचं परवा बघू. आज ताजी आहे, आज घ्या.”

आईनं सोललेल्या, धुतलेल्या ढिगाकडे हात झटकला आणि पलीकडे बोट दाखवलं. तिथे अख्खी कोळंबी होती, डोक्यासकट, मिशांसकट, काळ्या मण्यांसारख्या डोळ्यांसकट. मासळीवाल्याने मूठभर उचलून दाखवली. आईनं दोन बोटांनी एक धरली, दाबली, टाकली. “परवा,” ती वर चढत्या सुरात म्हणाली. “नाही हो आजी, आतली देतो,” म्हणत त्याने बर्फाखालची काढली. असं बराच वेळ चाललं. तिने माल नापसंत केला, त्याने कुरकूर केली, तिने हात हलवून कुरकुरीला उत्तर दिलं. मासळीवाल्याला तिच्या बोलण्यात काही उणं जाणवतच नव्हतं. बहुतेक गिऱ्हाइकं त्याच्याशी अशीच बोलत असावीत. आणि मुलगा मागे उभा राहून खुर्चीच्या मुठी दाबत होता. ही परक्या माणसाशी बोलते, मनात आलं. माझ्याशी वाट्या पालथ्या घालते. शिवाय अख्खी कोळंबी म्हणजे सोलणं आलं, दोरा काढणं आलं, घरभर वास आला, आणि सोमवारी दुकानात बोटं गिऱ्हाइकाच्या नाकापाशी न्यायची होती.

घरी आल्यावर खुर्ची फ्रिजच्या कोपऱ्याला अडली, कायम अडायची तशीच. आई स्वयंपाकघराच्या दारात बसली आणि तो ओट्याशी पाठ करून सोलायला लागला. डोकं पिरगाळायचं, पाय ओढायचे, साल उलगडायची, पाठीवर सुरी फिरवून काळा दोरा काढायचा. हे त्याला जमत नव्हतं. डोक्याचा काटा अंगठ्यात शिरला आणि तिखटाच्या हातानं त्याने तो चोखला. सोललेली कोळंबी वाटीत केविलवाणी दिसायला लागली, एवढ्या ढिगातून एवढीशी. डोकी आणि सालं त्याने पिशवीत भरली, तिला गाठ मारली आणि कचऱ्याच्या डब्यात टाकली.

“परवा,” मागून आई म्हणाली.

“हो. आता चिंच घालू की लिंबू?”

“परवा. परवा.”

“चिंच? मान हलव. ही हो झाली की नाही? खोबरं? आई, नीट सांग. लसूण जास्त हवा का?” तो वळून एकेक डबा तिच्यासमोर धरत होता आणि ती डब्याकडे बघतच नव्हती. ती त्याच्या पायांकडे, जमिनीकडे, कुठे तरी खाली बघत होती आणि डाव्या हाताने खुर्चीचा दांडा बडवत होती. आवाज चढत चालला होता. समोरच्या खिडकीत कुणीतरी पडदा सरकवला. त्याला वाटलं, आता शेजारी म्हणणार, आईला मारतोय. तेवढ्यात फोन वाजला. हात बरबटलेले, म्हणून त्याने करंगळीने स्पीकर लावला. ताई होती. तिचा आवाज रविवारचा, घाईचा आणि मऊ, दोन्ही एकदम. आईचं नाव घालून ठेवलेल्या शुश्रूषा केंद्रातून फोन आला होता म्हणाली. एक खाट रिकामी झाली होती, बागेच्या बाजूची, नर्स चोवीस तास, जेवण वेळेवर, नळी घालायची वेळ आलीच तरी तिथे सोय. आज संध्याकाळपर्यंत कळवायचं होतं. मी तुझ्यावर ढकलत नाही, पण तूच सांग, तुला झेपतंय का?

तो भांड्याकडे बघत होता. गॅसवर चढवलेला कांदा करपला होता. कडेनं काळा पडत चालला होता आणि त्याला तो हलवायचाही कंटाळा आला होता.

“ने तिला,” तो म्हणाला. “सांग त्यांना येतेय म्हणून. मी थकलो, ताई. ती खात नाही, बोलत नाही, मी काय करतोय इथे? माझ्याच्यानं नाही होत.”

मग ताईनं विचारलं, “स्पीकर चालू आहे का?”

त्याने फोन बंद केला. गॅसही बंद केला. वळायला हवं होतं, पण तो नळाखाली हात धुत राहिला, साबण लावून, पुन्हा लावून, नखांच्या कडा एकेक करून. दांडा बडवणं थांबलं होतं. मग पट्ट्याचं बक्कल सुटल्याचा खट्ट आवाज आला, आणि मग फ्रिजचं दार हलल्याचा. तो वळला तेव्हा आई फ्रिजच्या मुठीला धरून उभी होती. तो पुढे झाला. तिने त्याच्या हातावर फटका मारला. लहानपणी तळणात हात घालायला गेल्यावर बसायचा तसा, हलका, हाडावर. मग फ्रिजवरून ओट्याची कड, ओट्याच्या कडेनं उजवा पाय ओढत ती कचऱ्याच्या डब्यापाशी गेली आणि वाकली. तो तिच्या मागे हात पसरून उभा राहिला. पडली तर झेलायला. ती पडली नाही. तिने सालांची पिशवी वर काढली आणि ओट्यावर त्याच्यासमोर आपटली. इतका वेळ ती खाली का बघत होती ते त्याला आत्ता कळलं.

गाठ सोडवणं एका हाताचं काम नव्हतं. तिने पिशवी त्याच्यापुढे सरकवली. त्याने गाठ सोडली, सालं धुतली. करपलेला कांदा तिने नुसत्या भुवईनं फेकायला लावला. दुसरं भांडं, तेल, आणि तेल तापल्यावर सगळी डोकी आणि सालं एकदम. त्यांचा जो आवाज झाला तो त्याने ओळखला. हाच तो चुरचुरणारा आवाज. पाठीआडचा. आई ओट्याला पोट टेकून उभी होती, डाव्या हातात पळी, आणि ती पळीच्या बुडानं डोकी ठेचत होती. करडी सालं गुलाबी झाली, मग केशरी, आणि तेलही केशरी झालं. डोक्यांतून काहीतरी दाट सुटून भांड्याच्या बुडाला लागलं, आणि मग वास आला. त्या वासात जिना होता, शाळेच्या दप्तराचा ओला पट्टा होता, दारामागे काढलेल्या वडिलांच्या चपला होत्या, पण हे सगळं त्याला नंतर सुचलं. त्या क्षणी त्याच्या तोंडाला फक्त पाणी सुटलं. लहान मुलाच्या सुटतं तसं. तिने भांड्यात पाणी ओतायला लावलं. उकळून अर्धं झाल्यावर त्याने ते गाळलं. त्याचंच सकाळचं वाटण होतं, लसूण, मिरची, खोबरं. धणे नव्हते, मावशी जिंकली. चिंच होती, तिचे यजमानही जिंकले. आईनं हात डब्यात घालून चिमटीनं मीठ टाकलं. शेवटी सोललेली कोळंबी आत गेली, वळली, लाल झाली, आणि तिने लगेच गॅस बंद केला. इतक्या लवकर? तो तर आजवर ती रबरासारखी होईपर्यंत शिजवत आला होता.

आई दम खायला ओट्याला टेकली. त्याने चमचा बुडवला, फुंकला, तोंडात घातला.

तोच होता. तसाच होता असं नाही, तोच. आधी गोडसर, मग चिंच, मग तिखट मागून हळू, आणि सगळ्याच्या तळाशी ते भाजलेल्या डोक्यांचं, ज्याला त्याच्याकडे शब्द नव्हता. तो चमचा तोंडात धरूनच उभा राहिला. इतके रविवार, इतके फोन, आणि मी ते पिशवीला गाठ मारून फेकत होतो. नाही, त्याआधी तर मी ते दुकानातच सोडून येत होतो, साफ केलेलं पाकीट घेऊन. त्याला हसावंसं वाटलं आणि डोळ्यांत तिखट गेल्यासारखं झालं. वळून आईला काही सांगणार, तेवढ्यात तिने मिठाच्या डब्यात पुन्हा हात घातला.

“घातलंस,” तो म्हणाला. “आई, मीठ घातलंस तू.”

तिने चिमूट टाकली, पळी फिरवली, आणि पुन्हा डब्याकडे हात नेला. यावेळी चिमूट नव्हती, मूठ होती. त्याने मनगट धरलं. किती बारीक झालं होतं ते मनगट. तिने त्याच्याकडे पाहिलं. त्या बघण्यात राग नव्हता. स्वतःच्या ओट्याशी उभी असलेली बाई मध्येच लुडबुडणाऱ्याकडे बघते तेवढंच होतं. डबा बाजूला सरकवणं सोपं होतं. डॉक्टर तेच म्हणाले असते, ताई तेच म्हणाली असती. भांड्यात तो रस्सा अजून होता, अजून तोच होता, एक मूठभर अंतरावर. त्याने मनगट सोडलं. का सोडलं हे त्याला नंतरही नीट सांगता आलं नसतं. मूठ उघडली, मीठ पडलं, आणि पळीनं ते आत ओढून घेतलं.

भात होताच. त्याने टेबलावर ताटं मांडली, निळा टेबलक्लॉथ काढून टाकला होता, लाकूडच उघडं होतं. दोघं बसली. फोन पुन्हा वाजला. ताई रडवेल्या आवाजात काहीतरी विचारत होती, आईनं ऐकलं का, मी तिथे काय सांगू. तो म्हणाला, आम्ही जेवायला बसलोय. नाही, एवढ्यात नको. कायमचं म्हणत नाही मी, एवढ्यात नको म्हणतोय. खाट दुसऱ्या कुणाला देऊ देत. मग नळीचं काय, वजनाचं काय, असं ताईनं विचारलं. ठाऊक नाही, तो म्हणाला, आणि फोन पालथा ठेवला. आई ऐकत होती. तिच्या चेहऱ्यावर कळण्यासारखं काही उमटलं नाही. मघाच्या बोलण्याचं तिने काय केलं, कुठे ठेवलं, हे त्याला कधीच कळणार नव्हतं.

तिने स्वतःच्या ताटाला हात लावला नव्हता. डावा हात मांडीवर ठेवून ती त्याच्या तोंडाकडे बघत होती.

त्याने भात कालवला आणि घास घेतला. जीभ आखडली. मिठानं सगळं झाकून टाकलं होतं; चिंच, खोबरं, ते तळाशी असलेलं, सगळं. घास गिळायला त्याला जोर लावावा लागला. आई बघतच होती, मान जराशी पुढे काढून, आणि त्याच्या जिभेवर दिवसाच्या बाईचा शब्द तयार होता. छान. आई, छान झालंय हं. चमचा उचलला की छान, पाय हलला की छान, दिवसभर या घरात तोच शब्द पेजेसारखा तिच्या तोंडात भरवला जात होता. त्याने पाणी न पिता दुसरा घास घेतला.

“खारट झालंय,” तो म्हणाला.

आईच्या भुवया वर गेल्या. तिने स्वतःच्या वाटीत चमचा बुडवला, चव घेतली, जीभ टाळ्याला लावून थांबली. भिंतीकडे बघितलं. मग ओठ दुमडले, नाकपुड्या फुगल्या, आणि तिने जे काही म्हटलं त्याचा सूर त्याला लख्ख कळला. एवढं काही नाही. तुझी जीभच तशी. वडिलांवर गेलास. तो गप्प बसला नाही, म्हणाला, “आहे. खूप खारट आहे. आधी चांगलं होतं. फार चांगलं होतं, मी चाखलं होतं.”

तिने त्याच्याकडे रोखून पाहिलं. मग हात लांब करून त्याची वाटी आपल्याकडे ओढली, स्वतःच्या पेल्यातलं पाणी तिच्यात ओतलं, चमच्यानं ढवळलं आणि वाटी त्याच्यापुढे सरकवली. थोडं लाकडावर सांडलं. त्याने वाटी उचलून तोंडाला लावली.

“अजून आहे,” तो म्हणाला.

आईनं पुन्हा पाणी ओतलं, आणि पेला तसाच तिरका धरून तो काय म्हणतो याची वाट बघत राहिली.